अकरा मिनिटांचा खंड

गेली चौदा वर्षे मी माहितीपटांचे आणि लघुपटांचे संकलन करते. या कामात पहिल्या दिवसापासून मनावर ठसवली जाणारी गोष्ट अशी, की दोन शॉट जिथे जोडले जातात तो सांधा प्रेक्षकाला जाणवता कामा नये. दोन वर्षांपूर्वी माझ्या एका दिग्दर्शक मित्राने एकवीस मिनिटांच्या एका भयपटाचे काम माझ्याकडे आणले, तेव्हा ही सवय मला मोडावी लागली. तो चित्रपट फाउंड फुटेज प्रकारातला होता, म्हणजे त्यातले प्रत्येक दृश्य कथेतल्याच कोणीतरी टिपलेले आहे आणि ते चित्रण पुढे कोणाच्या तरी हाती लागले आहे, असे धरून रचलेला. या प्रकारात सांधा लपवून भागत नाही. तो का पडला आणि कोणी घातला, याचे उत्तर कथेतच असावे लागते. ते उत्तर सापडायला आम्हाला आठ महिने लागले, आणि सापडले तेही आमच्या हातून झालेल्या एका तडजोडीतून.

मित्राच्या कथेत मला पहिल्याच वाचनात आवडलेली गोष्ट म्हणजे कॅमेरा चालू असण्याचे कारण. फाउंड फुटेज चित्रपटांवरचा सर्वांत जुना आणि सर्वांत रास्त आक्षेप हाच आहे, की जीव वाचवून पळायची वेळ आली तरी माणसे चित्रण का करत राहतात. इथे कोकणातले एक बंद घर विकायचे आहे आणि त्यापूर्वी घरातल्या वस्तूंची वाटणी व्हायची आहे. न्यू जर्सीत राहणाऱ्या काकांचा धाकट्या पातीवर विश्वास नाही. म्हणून ते पुतण्या-पुतणीला सांगतात, की प्रत्येक खोलीचे, कपाटाचे आणि भांड्याचे मोजणीसकट चित्रण करा, पडद्यावर तारीख-वेळ उमटवणारे ॲप वापरा आणि चित्रण मध्ये कुठेही थांबवू नका. बाहेरगावी राहून सामाईक घराचा हिशेब ठेवणाऱ्या कुठल्याही मराठी कुटुंबाला ही मागणी परकी वाटणार नाही. चित्रपटशाळेत मध्ये न कापलेल्या ज्या लांब शॉटला आम्ही लाँग टेक म्हणतो आणि ज्याच्या सौंदर्याविषयी तासन् तास बोलतो, तो लाँग टेक इथे नातेवाइकांच्या संशयातून जन्माला आला होता. रात्रीची वेळही त्यातूनच आली. नोव्हेंबरात आपल्याकडे रात्रीचे दोन वाजतात तेव्हा न्यू जर्सीत आदल्या दिवसाच्या दुपारचे साडेतीन झालेले असतात, त्यामुळे काकांचे फोन ऐन रात्री येतात आणि घागरींची मोजणी जुळत नाही असे कळल्यावर ते पुन्हा मोजायला लावतात. यादीत तांब्याच्या घागरी सहा आहेत. दुसऱ्या मोजणीत त्या सात भरतात. चित्रपटातली भीती एवढीच.

चित्रीकरणाआधी महिनाभर आम्ही दोघे वही घेऊन या प्रकारातले चित्रपट पाहत बसलो. मी प्रत्येक चित्रपटासाठी दोनच प्रश्न लिहून ठेवले होते: कॅमेरा कोणाच्या हातात आहे, आणि हे चित्रण नंतर कोणी लावले. पहिल्या प्रश्नाकडे सगळ्यांचे लक्ष असते. दुसऱ्याकडे पुष्कळ दिग्दर्शक पाठ फिरवतात आणि प्रेक्षकही सौजन्याने तो विचारत नाही. मला मात्र, संकलक असल्यामुळे, तोच जास्त छळत होता.

या प्रश्नाचे सर्वांत नेटके उत्तर मला चित्रपटात नव्हे, कादंबरीत मिळाले. ब्रॅम स्टोकरची १८९७ सालची ‘ड्रॅक्युला’ ही रोजनिशा, पत्रे, तारा, वर्तमानपत्रांतली कात्रणे आणि फोनोग्राफवर बोलून ठेवलेल्या नोंदी यांची बनलेली आहे, आणि हे सगळे टंकलिखित करून तारखेवार लावण्याचे काम कथेतलीच मीना हार्कर करते. म्हणजे संकलक कथेच्या बाहेर बसलेला नाही. तो कथेतल्या संकटात सापडलेला आहे, आणि कागद नीट लावले गेल्यामुळेच शत्रूच्या हालचाली त्या मंडळींच्या ध्यानात येतात. या प्रकाराची सुरुवात सांगताना रुज्जेरो देओदातोच्या ‘कॅनिबल होलोकॉस्ट’ या १९८० सालच्या इटालियन चित्रपटाचे नाव घेतले जाते. त्यात कॅमेऱ्यासमोर खरोखरीची जनावरे मारली आहेत, आणि मी तो पूर्ण पाहू शकले नाही. त्याची शिफारसही मी कोणाला करणार नाही. परंतु त्याची रचना नाकारता येत नाही. जंगलात नाहीशा झालेल्या चमूची रिळे एक प्राध्यापक परत आणतो आणि दूरचित्रवाणीचे अधिकारी ती प्रसारित करावीत की नाही हे ठरवण्यासाठी पाहतात, तेव्हा आपणही त्यांच्याबरोबर त्याच अंधाऱ्या खोलीत बसलेलो असतो. मॅट रीव्हजच्या ‘क्लोव्हरफील्ड’मध्ये, २००८ साली, यावर आणखी हुशार तोड काढलेली आहे. तिथे आपत्तीचे चित्रण एका जोडप्याचे जुने चित्रण असलेल्या टेपवरच केले गेले आहे, त्यामुळे कॅमेरा बंद करून पुन्हा चालू केला की मधल्या फटींतून त्या जोडप्याच्या एका सुखाच्या दिवसाचे तुकडे वर येतात. स्मृतिदृश्य दाखवायला लेखकाला कोणाचीही परवानगी घ्यावी लागत नाही, ती टेपच देते. हे पाहिल्यावर मी वहीत लिहिले, की माध्यमाचा दोष हाच संकलनाचा नियम होऊ शकतो. त्या वाक्याचा उपयोग मला फार पुढे झाला.

‘द ब्लेअर विच प्रोजेक्ट’ आम्ही चार वेळा पाहिला. जंगलात बेपत्ता झालेल्या तीन विद्यार्थ्यांच्या चित्रणाचा हा भयपट डॅनियल मायरिक आणि एदुआर्दो सांचेझ यांनी १९९७ सालच्या ऑक्टोबरात मेरिलंडच्या जंगलात आठ दिवसांत चित्रित केला. लिहिलेले संवाद नव्हते, पस्तीसेक पानांचा आराखडा होता. तिघे कलाकार स्वतःच कॅमेरे चालवत होते, एक हाय-एट व्हिडिओचा आणि एक सोळा मिलिमीटर फिल्मचा. जीपीएस यंत्रावर ठरवून दिलेल्या जागी ते चालत पोचत, तिथे त्यांना फिल्मच्या डब्यांत घातलेल्या चिठ्ठ्या मिळत, आणि प्रत्येकाची चिठ्ठी दुसऱ्याला माहीत नसे. दिवसागणिक त्यांचे खाणे कमी केले जाई आणि रात्री दिग्दर्शक तंबूबाहेर येऊन आवाज करत. अशा सुमारे वीस तासांच्या चित्रणातून एक्क्याऐंशी मिनिटांचा चित्रपट निघाला. संकलक म्हणून मला सर्वांत मोठा वाटतो तो हा आकडा. पुढच्या काळात लोकांनी त्याच्या कमाईचेच आकडे लक्षात ठेवले. अगदी थोड्या खर्चात चित्रित झालेल्या चित्रपटाने जगभरात सुमारे पंचवीस कोटी डॉलर मिळवले, आणि त्यानंतर कमी पैशात काम करणाऱ्या प्रत्येक तरुण दिग्दर्शकाला वाटू लागले, की एक कॅमेरा आणि थोडा अंधार एवढे पुरे आहे. त्या वीस तासांतून नेमके काय गाळायचे हे ठरवण्यात किती दिवस गेले असतील, याचा विचार कमी झाला.

आमचे चित्रीकरण भातकापणी उरकल्यावर, नोव्हेंबरात, रत्नागिरी जिल्ह्यातल्या एका जांभ्याच्या कौलारू घरात तीन रात्री झाले. घर एका परिचिताचे होते आणि त्याची देखभाल शेजारचे एक वृद्ध गृहस्थ करत. आम्ही पाच जण होतो: दिग्दर्शक, ध्वनिमुद्रक, भावाचे आणि ताईचे काम करणारे दोन कलाकार, आणि मी. एरवी मी चित्रीकरणाला जात नाही, कारण शॉट मिळवायला किती कष्ट पडले हे पाहिले की तो कापायला हात धजत नाही. या वेळी मित्राने आग्रह केला, आणि तो योग्य होता.

पहिली रात्र वाया गेली. भावाचे काम करणारा मुलगा रंगभूमीवरचा चांगला नट आहे. त्याने हा प्रकार पाहिलेला होता आणि त्यामुळे तो फोन मुद्दाम हलवत होता. चित्रण पाहताना पाचव्या मिनिटाला मला मळमळले, आणि भीती मात्र कुठेच नव्हती. ‘क्लोव्हरफील्ड’ पाहताना अमेरिकेतल्या काही प्रेक्षकांनाही असा त्रास झाला होता आणि तिथल्या चित्रपटगृहांना तशा सूचनांचे फलक लावावे लागले होते. पहाटे पडवीत बसून आम्ही त्याचा विचार केला, तेव्हा ध्वनिमुद्रक म्हणाला, “लग्नाचं चित्रण करणारा मामा कधी कॅमेरा मुद्दाम हलवतो का? तो तर श्वास रोखून धरतो.” हे अगदी खरे होते. ज्याच्या हातात कॅमेरा असतो तो तो स्थिर धरायचा प्रयत्न करत असतो. हलणे येते ते पावलांतून, श्वासातून आणि उंबरठ्याला लागलेल्या ठेचेतून. दुसऱ्या रात्री दिग्दर्शकाने मुलाला एवढेच सांगितले, की जमेल तेवढा स्थिर धर आणि खरोखर मोज. त्याच्या हातात खरी यादी दिली: हंडे, कळश्या, पराती, गंगाळ, बंब, समया. त्याने त्या मोठ्याने वाचून मोजल्या. अभिनय करायला त्याला सवडच उरली नाही, आणि चित्र बदलले.

फोनमुळे आणखी दोन अडचणी आल्या, त्या नोंदवून ठेवते, कारण पुढे कोणाला तरी उपयोगी पडतील. अलीकडच्या फोनमधले स्थिरीकरण इतके प्रभावी असते की चालतानाचे चित्र तरंगल्यासारखे गुळगुळीत येते आणि माणसाचे वजनच नाहीसे होते, म्हणून ते बंद ठेवावे लागले. दुसरी अडचण दिव्यांची होती. आपल्याकडे वीज पन्नास हर्ट्झची आहे. त्यामुळे फोन सेकंदाला तीस चौकटींवर ठेवला, की ट्यूबलाइटच्या आणि स्वस्त एलईडी दिव्यांच्या उजेडात चित्रावरून काळसर पट्टे सरकताना दिसतात. एरवी मी हे चित्रण परत पाठवले असते. माजघरातल्या दिव्याखाली मात्र ते पट्टे ताईच्या चेहऱ्यावरून वर वर सरकत होते आणि तिला ते दिसत नव्हते. आम्ही पंचवीस चौकटींचा पर्याय निवडून उरलेले चित्रण निर्दोष केले आणि माजघरातले ते एक दृश्य तसेच ठेवले.

दुसऱ्या रात्रीचा प्रसंग सांगताना मला अजूनही संकोच वाटतो. ‘ब्लेअर विच’च्या चिठ्ठ्यांची पद्धत आम्ही घेतली होती. सातवी घागर ठेवली जाणार आहे हे ताईचे काम करणाऱ्या मुलीला सांगितले नव्हते. ती देवघराशेजारच्या कोठीच्या खोलीत मोजत गेली, “पाच, सहा” म्हणून थांबली, मागे वळून भावाकडे पाहिले, आणि पुन्हा एकपासून सुरुवात केली. तिसऱ्या मोजणीत तिचा आवाज फाटला. कुठल्याही क्षणी थांबवता यावे म्हणून आम्ही एक शब्द ठरवला होता, “कैरी”, कारण नोव्हेंबरात तो सहज बोलण्यात येणार नाही. ती तो शब्द म्हणाली. आम्ही सगळे दिवे लावले, चित्रण थांबवले आणि सातवी घागर कोणी व केव्हा ठेवली हे तिला दाखवले. ती ओटीवर जाऊन बराच वेळ बसून होती.

आमच्याकडचे सर्वांत चांगले चित्रण तेच होते. दिग्दर्शकाला ते जसेच्या तसे हवे होते. मी म्हटले, की निर्णय तिचा आहे. पुण्यात परतल्यावर तिला संकलनकक्षात बोलावले, चित्रण दाखवले आणि बाहेर जाऊन बसलो. तिने ते दोनदा पाहिले आणि ठेवायला सांगितले. फक्त जिथे ती रडते ते चार सेकंद काढायला सांगितले. ते काढले. ‘ब्लेअर विच’मधल्या तिघांनी आपलीच नावे पात्रांना दिली होती, आणि चित्रपट प्रदर्शित होण्याच्या सुमारास ते बेपत्ता आहेत, मृत आहेत, असा प्रचार झाला. हेदर डॉनह्यू हिच्या आईला सांत्वनाची पत्रे आली. चित्रपटाने मिळवलेल्या पैशांच्या मानाने त्यांच्या वाट्याला फार थोडे आले, आणि २०२४ साली त्या तिघांनी जाहीर पत्र लिहून आपला न्याय्य हिस्सा मागितला. देओदातोवर तर आपले कलाकार जिवंत आहेत हे सिद्ध करण्याची पाळी आली होती, कारण त्यांनी वर्षभर लोकांसमोर येऊ नये असे त्यानेच करारात घातले होते. खरेपणाचा आभास निर्माण करण्यासाठी माणसाचे नाव, त्याची भीती आणि त्याचे गायब होणेही वापरता येते, हे या प्रकाराच्या इतिहासातच लिहिलेले आहे. आम्ही पात्रांना वेगळी नावे दिली आणि शेवटी श्रेयनामावली पूर्ण दाखवायची असे ठरवले. त्यामुळे परिणाम उणावेल असे दिग्दर्शकाला वाटत होते, आणि कदाचित थोडा उणावलाही असेल.

ध्वनीवर आम्ही चित्रापेक्षा दुप्पट वेळ घालवला. या प्रकारात पार्श्वसंगीत वापरता येत नाही, कारण ते वाजवणारा कथेत कोणी नसतो. भयपट करणाऱ्याच्या हातातले सर्वांत सोपे शस्त्र इथे पहिल्याच पावलाला काढून घेतले जाते. आम्ही सुरक्षिततेसाठी कलाकारांना कॉलर माइक लावले होते आणि त्यांचा आवाज स्वच्छ आला होता. इतका स्वच्छ, की चित्राबरोबर लावताच सगळे खोटे वाटू लागले. फोनचा स्वतःचा माइक वेगळे ऐकतो. आजूबाजूला शांतता झाली की यंत्र आपोआप संवेदनशीलता वाढवते आणि खोलीची घरघर वर येते. कोणी ओरडले की ते एकदम आवाज दाबते आणि पुढचा क्षणभर काहीच ऐकू येत नाही. शिवाय फोन धरणाऱ्याचा आवाज जवळचा आणि जाड येतो, समोरच्याचा लांबचा आणि पातळ. म्हणून आम्ही कॉलर माइकचा आवाज फक्त शब्द कळण्यापुरता खाली ठेवला आणि त्यावर फोनचा आवाज, बोटांचे घासणे आणि श्वास तसेच राहू दिले.

संगीताची जागा भरून काढली ती रातकिड्यांनी. तिसऱ्या रात्री ध्वनिमुद्रक परसदारी एकटाच उभा राहून घराचा मोकळा आवाज टिपत होता आणि त्याच्या लक्षात आले, की तो पाऊल टाकतो त्या बाजूचे रातकिडे गप्प होतात. गावात वाढलेल्या माणसाला हे ठाऊक असते, आम्हा शहरातल्यांना ते त्याच्याकडून कळले. पुढे संकलनात आम्ही एवढेच केले, की घागरी सात भरतात त्या क्षणाच्या थोडे आधी परसदाराकडचा किरकिराट थांबवला आणि माजघराकडचा चालू ठेवला. पडद्यावर काहीही बदलत नाही. बहुतेक प्रेक्षकांना आपण अस्वस्थ का झालो हे सांगता येत नाही, पण दाराकडे पाहतात सगळेच. ओरेन पेलीने ‘पॅरानॉर्मल ॲक्टिव्हिटी’ सॅन डिएगोतल्या आपल्या स्वतःच्या घरात सुमारे पंधरा हजार डॉलरांत केला, तेव्हा शयनगृहातल्या स्थिर चौकटीत तो प्रेक्षकाला असेच काम लावतो. कोपऱ्यात वेळ धावत असते, चित्र हलत नाही, आणि आपण दार, चादर, जिना असे एकेक तपासत बसतो. कुठे पाहायचे हे सांगणे हे एरवी संकलकाचे काम. ते न सांगण्यात किती बळ आहे हे त्या चित्रपटाने मुख्य प्रवाहाला दाखवले, आणि आज भयपट नसलेल्या चित्रपटांतही लांबच लांब स्थिर चौकटी प्रेक्षक सहन करतात त्यात त्याचा थोडा वाटा आहे असे मला वाटते.

आता संकलनाविषयी. तीन रात्रींचे नऊ तासांचे चित्रण माझ्यासमोर होते. मी एक वही केली आणि प्रत्येक कटपुढे कारण लिहायचे ठरवले: फोन कोणी बंद केला, का बंद केला, पुन्हा कोणी चालू केला. पहिल्या आवृत्तीत तेवीस कट होते आणि त्यांपैकी नऊ ठिकाणी माझ्याकडे “दृश्य रेंगाळत होते” यापलीकडे कारण नव्हते. काकांनी सलग चित्रण मागितले आहे, मग हे नऊ कट कोणाचे? माझे. म्हणजे गावच्या एका साध्या घरात न दिसणारी एक संकलक नऊ वेळा येऊन जात होती, आणि प्रेक्षकाला ते शब्दांत सांगता आले नाही तरी त्याचा विश्वास तेवढाच नऊ वेळा ढिला होत होता.

इतरांनी ही गाठ कशी सोडवली ते पुन्हा एकदा पाहिले. दिबाकर बॅनर्जीच्या ‘लव्ह सेक्स और धोखा’मध्ये, २०१० साली, तीन कथांना तीन वेगळे डोळे दिले आहेत: चित्रपटशाळेतल्या विद्यार्थ्याचा हँडीकॅम, दुकानातले सीसीटीव्ही आणि स्टिंगचा छुपा कॅमेरा. प्रत्येक डोळ्याची कापण्याची रीत वेगळी आहे. आपल्याकडे या प्रकाराचे व्याकरण इतक्या गांभीर्याने हाताळलेले दुसरे उदाहरण माझ्या पाहण्यात नाही, आणि तो भयपट नाही हे विशेष. जॉश ट्रँकच्या ‘क्रॉनिकल’मध्ये नायकाला वस्तू मनाने हलवण्याची शक्ती मिळते आणि तो कॅमेराच हवेत तरंगत ठेवतो, त्यामुळे क्रेनवरून घेतल्यासारखे शॉट कथेच्या नियमात बसतात. टाळेबंदीत रॉब सॅव्हेजने केलेल्या ‘होस्ट’मध्ये सगळे झूमच्या खिडक्यांत घडते, कलाकारांनी आपापल्या घरी दिवे आणि कॅमेरे स्वतः लावले, आणि कोण बोलते आहे त्याप्रमाणे चौकट बदलण्याची सबब झूमच पुरवते. अनीश चगंटीच्या ‘सर्चिंग’चे आणि महेश नारायणन यांच्या मल्याळम ‘सी यू सून’चेही तसेच. तिथे संगणकाच्या आणि फोनच्या पडद्यावर सरकणारे बोट हाच संकलक आहे, आणि लिहून पुसलेला संदेश हा चेहऱ्याच्या क्लोजअपपेक्षा अधिक सांगतो. हे सगळे पाहून मी चकित झाले, पण आमच्या घराला यातले काहीच लागू पडत नव्हते. आमच्याकडे एक फोन होता आणि एक संशयी काका होते.

सुटका अनपेक्षित रीतीने झाली. तिसऱ्या रात्री एका लांब टेकमध्ये मुलाचा हात भरून आला, तेव्हा त्याने फोन उतरंडीशेजारच्या फळीवर टेकवून ठेवला आणि आम्ही सगळे ओटीवर चहा प्यायला गेलो. फोन बंद करायचे कोणाच्या ध्यानात आले नाही. परत आल्यावर दिग्दर्शकाने फोन आहे तसा राहू दिला आणि पुढचा भाग भाऊ आणि ताई दोघांनाही चौकटीत घेऊन चित्रित केला. संकलनात मी चहाचा भाग काढला. त्याआधीच्या अभिनयाचा काही भागही कच्चा होता, तो काढला. पडद्यावरची वेळ आम्ही नंतर चढवत होतो, आणि घाईत मी ती मूळ फाइलप्रमाणे चढवली. त्या सायंकाळी आम्ही चौघे कच्ची आवृत्ती पाहत होतो. कोपऱ्यात दोन वाजून चौदा मिनिटे दिसत होती, आणि एका क्षणात दोन वाजून पंचवीस झाली.

खोलीत कोणी बोलले नाही. इतका वेळ श्वासाबरोबर हलणारे चित्र अचानक निश्चल झाले होते. भाऊ समोर उभा होता, ताई समोर उभी होती, ताई शांत, एकसुरी आवाजात पुन्हा एकपासून मोजत होती, आणि फोन ज्याच्या हातात होता त्याला श्वास नव्हता. मी घाईने वेळ सुधारायला हात पुढे केला, तेव्हा दिग्दर्शकाने माझे मनगट धरले.

त्यानंतरचे तीन आठवडे मी उरलेले सगळे कट काढण्यात घालवले. रेंगाळणारी दृश्ये तशीच ठेवली किंवा मुळातून गाळली, आणि जे सांधे उरले ते सगळे फोन चालू-बंद करण्याचे, डोळ्यांसमोर, बोटाने पडद्यावर केलेले होते. त्यामुळे चित्रपटात कारण नसलेला कट एकच उरला. सलग हवे म्हणून निक्षून सांगितलेल्या चित्रणातली अकरा मिनिटे कोणीतरी काढली आहेत. काकांनी? भावाने? त्या घरातल्या आणखी कोणी? आम्ही सांगितले नाही, आणि सांगण्यासारखे आमच्याकडे काही नव्हतेही. चौदा वर्षे ज्या खुणा पुसण्याचे मानधन मी घेतले, त्यांपैकी एक खूण जशीच्या तशी ठेवणे हेच या चित्रपटातले माझे काम ठरले.

पहिला खेळ पुण्यातल्या एका लहान सभागृहात झाला. साठेक लोक होते. नंतरच्या गप्पांत तरुण मुलांनी फोन कोणता, ॲप कोणते, खर्च किती असे विचारले, आणि अकरा मिनिटांत काय होते हे तर तिघांनी विचारले. त्या मिनिटांत चहा होता हे मी सांगितले नाही. ती लपवाछपवी नव्हती. चित्रपटातल्या त्या अकरा मिनिटांत खरोखरच चहा नव्हता.

सगळे निघाल्यावर एक वृद्ध बाई पुढे आल्या. नऊवारी नेसलेल्या, बरोबर नात होती. त्यांचे माहेर राजापूरकडचे, आणि त्या घराची वाटणीही अशीच भांडी ओळीने मांडून झाली होती, असे त्यांनी सांगितले. भुताविषयी त्या काहीच बोलल्या नाहीत. माझा हात हातात घेऊन त्यांनी विचारले, “मग ती सातवी घागर शेवटी कोणाच्या वाट्याला गेली गं?”

मी म्हटले, की आजी, ती आम्ही शेजारच्या घरून मागून आणली होती आणि निघताना परत दिली. घराच्या सहा घागरी देखभाल करणाऱ्या आजोबांनी आमच्यासमोर मोजून फळीवर ठेवल्या.

“मोठ्याने मोजल्या?” त्यांनी विचारले.

मोठ्यानेच मोजल्या होत्या. मी तसे सांगितले, तेव्हा त्यांनी मान हलवली आणि नातीच्या खांद्यावर हात ठेवून त्या पायऱ्या उतरू लागल्या.